वझर आणि झर : पावसाळी धबधब्याचा पाठ

॥ श्रीगुरवे नमः ॥



गुरुपौर्णिमा झाली. पावसाने जोर धरला आणि आपल्या कुटुंब-गटांवर धबधब्यांचे व्हिडिओ यायला लागले. गेल्या आठवड्यात हळर्णच्या गटावर एका ताईंनी विचारलं, "येत्या रविवारी सत्संग लवकर आटपून सगळ्यांनी मिळून धबधब्यावर जाऊया का? मुलं मागे लागलीत." तासाभरात खाली चाळीस अंगठे आले. एका आजोबांनी तेवढं लिहिलं, "जपून." त्या शब्दावर कोणी काही बोललं नाही. पुढचा संदेश थेट गाड्या किती लागतील याचा होता.

आम्ही संकलन करणाऱ्यांनी ठरवलं, की नुसतं हो किंवा नाही सांगण्यापेक्षा या वेळचा पाठच त्यावर करूया. म्हणजे उत्तर आपलं आपल्यालाच सापडेल. हा पाठ घरी मोठ्याने वाचावा. मुलांना शेजारी बसवावं. एक छोटा प्रयोग आहे, त्यासाठी तीन तांबे पाणी काढून ठेवावं.

*१. धबधबा कुठून येतो?*

सत्तरीच्या बाजूला धबधब्याला वझर म्हणतात. डोंगराच्या पायथ्याशी जमिनीतून हळूच पाणी येतं, त्याला आपण झर म्हणतो. नावं सारखी वाटतात, पण दोघांचा स्वभाव अगदी वेगळा. आजचा पाठ या दोघांचा आहे.

वझर म्हटलं की आपल्याला आधी दूधसागर आठवतो. कुळेच्या वर, गोवा आणि कर्नाटकाच्या सीमेवर, भगवान महावीर अभयारण्याच्या रानात तो आहे. उंची सुमारे 310 मीटर. मुलांना कल्पना यावी म्हणून सांगायचं तर दिल्लीचा कुतुबमिनार 73 मीटर आहे. असे चार मिनार एकावर एक ठेवले तरी वर थोडी जागा उरेल. पाणी एकदम खाली येत नाही, टप्प्याटप्प्याने उड्या घेत येतं, आणि मधल्या टप्प्यासमोरून रेल्वेचा पूल जातो. ही रेल्वे पोर्तुगीज काळात, 1880 च्या दशकात, मुरगाव बंदरापासून घाट चढून कॅसलरॉकपर्यंत नेली. आजही मडगावहून हुबळीकडे जाणारी गाडी याच पुलावरून जाते.

दूधसागरचं पाणी पुढे खांडेपार नदीतून मांडवीला मिळतं. वाटेत ओपा इथे ते उचलतात, शुद्ध करतात आणि फोंडा व तिसवाडीच्या नळांना सोडतात. म्हणजे पणजीत राहणारे आपले गुरुबंधू ज्या पाण्याचा सकाळी चहा करतात, त्यातलं काही पाणी या कड्यावरून उडी मारून आलेलं असतं. आपल्याकडचंही तसंच आहे. हळर्णच्या किल्ल्याखालून शांतपणे जाणारी शापोरा वर घाटाकडे तिळारी या नावाने सह्याद्रीतूनच उतरते. आपल्याला नदी दिसते ती सपाटीवर आल्यावर. तिचं बालपण कातळावर गेलेलं असतं.

*२. कातळाचा स्वभाव*

दूधसागरचा कातळ कसला आहे? तो ग्रॅनाइट आणि त्याच्याच जातीचा पट्टेदार खडक आहे. भूशास्त्रज्ञ या भागातल्या ग्रॅनाइटला दूधसागरचंच नाव देतात आणि त्याचं वय अडीच अब्ज वर्षांच्या आसपास सांगतात. सह्याद्रीचा मोठा भाग ज्या काळ्या दगडाचा आहे, तो लाव्हारसातून झालेला बेसाल्ट साडेसहा कोटी वर्षांचा. म्हणजे ग्रॅनाइटपुढे तो कालचं पोर.

ग्रॅनाइट जमिनीच्या खूप खाली, तापलेला रस फार सावकाश थंड होऊन तयार झाला. त्याचे कण एकमेकांत इतके घट्ट अडकलेले असतात की पाण्याला आत शिरायला जागाच नाही. शिरायचं तर फटीतूनच. कातळाला जिथे उभ्या-आडव्या भेगा असतात, तिथे पाणी घुसतं. पुरात दगडगोटे घासत येतात आणि वर्षानुवर्षं ती भेग रुंद होत जाते. शेवटी दोन्ही बाजूंना उभे कडे आणि मध्ये अरुंद घळ तयार होते. घळीच्या तळाला गोटे गरागरा फिरून कातळात रांजणासारखे खड्डे पडतात. त्यांना रांजणखळगे म्हणतात. वरून पाणी गुडघाभर दिसतं, पुढचं पाऊल छातीभर खड्ड्यात पडतं.

आता आपला जांभा बघा. हळर्णचा किल्ला ज्या तांबड्या चिऱ्याचा आहे, तो हाच. चिरा जवळून पाहिला तर त्याला भोकं, पोकळ्या, नळ्या दिसतात. आपल्या पेडण्यातले सडे या जांभ्याचे आहेत. पाऊस पडला की सडा पाणी पितो. पोटात ठेवतो. मग पायथ्याला झरीतून थोडं थोडं देत राहतो.

*घरचा प्रयोग :* पाटा किंवा कुठलाही गुळगुळीत दगड, एक चिऱ्याचा तुकडा आणि तळाला भोक असलेली मातीची कुंडी घ्या. कुंडीत माती आणि वर वाळलेला पाला असू द्या. तिन्हींवर एकेक तांब्या पाणी सावकाश ओता. मुलांना घड्याळ बघायला सांगा. पाट्यावरचं पाणी ओततानाच पळून जाईल, चार क्षणांत पाटा नुसता ओला. चिऱ्यावर थोडं वाहील, थोडं आत जाईल आणि मग खालून ठिबकेल. कुंडीतून मात्र पाणी यायलाच उशीर लागेल. पण एकदा आलं की ते थेंब थेंब येत राहील, तुमचा चहा पिऊन झाला तरी.

हा एवढा प्रयोग समजला की आजचा निम्मा पाठ झाला. आपल्याकडे म्हणतात ना, पालथ्या घड्यावर पाणी. ग्रॅनाइटचा डोंगर म्हणजे देवाने ठेवलेला पालथा घडा आहे. त्याच्यावर कितीही ओता, तो ठेवत नाही. म्हणून तर धबधबा एवढा मोठा, एवढा पांढरा, एवढा देखणा. त्याचं सौंदर्य आणि त्याचं भय एकाच कारणातून येतं. त्याचं आटणंही त्याच कारणातून येतं.

*३. जरा हिशोब करूया*

मोठ्या मुलांनी वही घ्यावी.

एक चौरस मीटर जागेवर एक मिलीमीटर पाऊस पडला तर एक लिटर पाणी होतं. हे पक्कं लक्षात ठेवा, आयुष्यभर उपयोगी पडेल.

समजा धबधब्याच्या वर डोंगराचा फक्त एक चौरस किलोमीटर उतार आहे. म्हणजे दहा लाख चौरस मीटर. त्यावर तासाभरात 50 मिलीमीटर पाऊस पडला. घाटात असा तास पावसाळ्यात येतोच. गोव्यात वर्षाला सरासरी 3000 मिलीमीटरच्या आसपास पाऊस पडतो, आणि त्यातला बहुतेक जून ते सप्टेंबर या चार महिन्यांत. आंबोलीसारख्या घाटमाथ्यावर हा आकडा 7000 च्या आसपास जातो.

दहा लाख गुणिले पन्नास. पाच कोटी लिटर झाले. आपल्याकडे उन्हाळ्यात येणारा पाण्याचा मोठा टँकर दहा हजार लिटरचा धरला, तर हे पाच हजार टँकर. पालथ्या घड्याने त्यातलं निम्मं जरी त्याच तासात खाली सोडलं, तरी अडीच हजार टँकर. एका मिनिटाला चाळीसहून जास्त टँकर, आणि तेही एका अरुंद घळीतून. त्या घळीच्या तोंडाशी आपण मुलांना घेऊन उभे.

आणखी एक गोष्ट. पाण्याचा वेग दुप्पट झाला तर त्याचा धक्का चौपट होतो. म्हणून घोट्याच्या थोडं वर आलेलं वेगवान पाणीही मोठ्या माणसाचा पाय उचलतं. कातळावर शेवाळ असेल तर त्याआधीच उचलतं. आणि धबधब्याखालच्या कोंडीत जे पांढरं, फेसाळ पाणी दिसतं, त्यात निम्मी हवा असते. हवेवर कोणी तरंगत नाही. नदीत सराईत पोहणारा माणूस तिथे खाली जातो, आणि वरून पडणारी धार त्याला फिरवून पुन्हा आत ओढते. "आमच्या बाबाला पोहता येतं" हे वाक्य त्या कोंडीला ऐकू येत नाही.

*४. आमचीच गोष्ट*

हे आम्ही आजवर गटावर लिहिलं नव्हतं. लाज वाटत होती. पण आज पाठ देतोय, तर आधी आपल्या चुकीपासून सुरुवात करायला हवी.

काही वर्षांपूर्वी सत्संगातली आम्ही चौदा माणसं सत्तरीतल्या एका ओहोळावर गेलो होतो. त्यात पाच मुलं होती. ऊन पडलं होतं. तुम्ही म्हणाल पाऊस असताना कशाला गेलात, तर पाऊस नव्हताच. आमच्या डोक्यावर स्वच्छ आभाळ होतं. पाणी गुडघ्याखाली, काचेसारखं. मुलं उतरली. आम्ही मोठ्या कातळावर चादर टाकली, स्टीलचे डबे मांडले, नामस्मरण झालं, खाणं सुरू झालं.

वरच्या रानातून एक बाई आली. हातात अळमी बांधलेली पानांची पुडी, डोक्यावर खोळ. तिने ओहोळाकडे बघितलं आणि ओरडली, "भुरग्यांक घेयात आनी भायर सरात! उदकाचो रंग बदल्ला!"

आम्हाला वाटलं, बाहेरची माणसं आली म्हणून ही चिडली. आमच्यातले एक काका तर हसून म्हणाले, "होय हो माई, पाच मिनिटं." दुसऱ्याने तिला प्रसाद घ्यायला बोलावलं. ती पुन्हा तेच ओरडली. तेव्हा आमची एक वयनी उठली. तिला काही कळलं होतं असं नाही. पण समोरचं माणूस दोनदा ओरडतंय, म्हणजे कारण असेल, एवढंच तिला वाटलं. तिने पाचही मुलांना दंडाला धरून वर काढलं. मुलं रडायला लागली. आम्ही तिच्यावर रागावलो, "उगीच घाबरवतेस पोरांना."

दहा मिनिटं झाली असतील नसतील. पाणी चहासारखं झालं. मग त्यात काटक्या, पाला. मग घळीच्या आतून गाडी यावी तसा आवाज. आम्ही कसेबसे वर सरकलो आणि बघतो तर ज्या कातळावर बसलो होतो तो कातळच नाही. वर पाणी. चादर गेली, डबे गेले, चपला गेल्या. मुलं जिथे खेळत होती तिथे लाकडाचा एक ओंडका उभा राहून गेला. पाऊस आमच्यावर पडलाच नव्हता. तो वर, डोंगराच्या पलीकडे कुठेतरी पडला होता.

कोणाला खरचटलंही नाही. परतताना गाडीत कोणी बोललं नाही. त्या बाईचं नावही आम्ही विचारलं नाही, ती निघून गेली होती. चौदा माणसं रोज सत्संगात बसणारी. श्रवण म्हणजे काय यावर तासभर बोलू शकणारी. आणि ऐकलं एकटीनेच.

त्या माईने काय पाहिलं होतं, ते आता पाठ करून ठेवा. घरातल्या प्रत्येकाला यायला हवं :

- स्वच्छ पाणी गढूळ व्हायला लागलं.
- पाण्यात अचानक पाला, काटक्या, फेस आला.
- पाण्याचा आवाज बदलला, जड झाला.
- बसलेल्या दगडाची ओली रेघ वर सरकली.
- डोंगरमाथ्यावर काळोख दाटला, मग आपल्यावर ऊन का असेना.

यातलं एक जरी दिसलं तरी वस्तू गोळा करत बसायचं नाही. मुलाचा हात धरायचा आणि वर चढायचं. ओहोळ ओलांडून पलीकडे जायचं नाही, आहोत त्याच काठाने उंच जागी जायचं. अडकलो तर तिथेच थांबून 112 ला फोन लावायचा.

*५. हे एकट्या आमच्यावर आलेलं नाही*

7 जुलै 2024, रविवार. सत्तरीतल्या पाळी धबधब्यावर गेलेले ऐंशीहून जास्त लोक अडकून पडले. जाताना वाटेतली नदी सहज ओलांडता येत होती. पाऊस झाला, पाणी चढलं, आणि परतीची वाट बंद. पोलीस आणि अग्निशमन दलाच्या जवानांनी त्यांना बाहेर काढलं. सगळे वाचले, ही देवाची कृपा आणि त्या जवानांचे कष्ट. त्याच्या आधल्याच रविवारी, 30 जूनला, लोणावळ्यात भुशी धरणाच्या मागच्या धबधब्यात एका कुटुंबातले पाच जण वाहून गेले. त्यात मुलं होती. प्रवाहाच्या मधोमध एकमेकांना घट्ट धरून उभं असलेलं ते कुटुंब आपल्यापैकी अनेकांनी मोबाईलवर पाहिलं. आम्ही एवढंच म्हणू, तो व्हिडिओ पुन्हा कोणी पुढे पाठवू नये. त्या घरासाठी हात जोडावेत आणि आपल्या घरात शहाणं व्हावं.

2023 च्या जुलैत नेत्रावळीच्या मैनापी धबधब्यावर दोघे बुडाले. त्यानंतर वनखात्याने अभयारण्यांतल्या धबधब्यांवर जायला बंदी केली. त्याच महिन्यात दूधसागर बघायला रुळांवरून चालत निघालेल्या तरुणांना रेल्वे पोलिसांनी उठाबशा काढायला लावल्या. तो व्हिडिओ आपण सगळ्यांनी हसत हसत पाहिला. पण त्या उठाबशांमागे काळजी होती. रूळ ओला, एका बाजूला कडा, एका बाजूला दरी, आणि पाण्याच्या आवाजात गाडीची शिटीसुद्धा ऐकू येत नाही.

कोणी म्हणेल, मग काय पावसाळ्यात घरात बसायचं? ज्याने हा निसर्ग दिला त्याला बघायचंही नाही? तसं आमचं म्हणणं नाही. बघायचं. पण देवळात जसे आपण उंबऱ्याबाहेर थांबतो, गाभाऱ्यात घुसत नाही, तसं. दर्शन दुरूनही पुरं होतं.

*६. चैत्रातली धार*

आता पाठाचा दुसरा अर्धा भाग. हा व्हिडिओत येत नाही.

पाऊस सरला की कातळावरून उतरणारे कितीतरी वझर आटतात. आषाढात ज्यांच्या आवाजाने बोलणं ऐकू येत नव्हतं, तिथे काही महिन्यांनी नुसता काळा, कोरडा कडा. त्यावर पांढरा डाग. लोक विचारतात, "इथेच होता ना?"

दूधसागर मात्र उन्हाळ्यातही पूर्ण जात नाही. चैत्र-वैशाखात तो अगदी बारीक होतो. दुधाचा सागर कसला, दुधाची रेघ. पण रेघ असते. विचार करा, शेवटचा पाऊस होऊन पाच-सहा महिने झाले. कातळ पाणी ठेवत नाही हे आपण शिकलो. मग ही रेघ कोणाची?

ती रानाची आहे. कड्याच्या वर डोंगरमाथ्यावर दाट जंगल आहे. झाडांच्या मुळांनी धरलेली माती आहे, तिच्यावर पाल्याचा थर आहे, खाली झिजून भुसभुशीत झालेला दगड आहे. आषाढात पाच हजार टँकर गर्जना करत निघून गेले, तेव्हा या मातीने गुपचूप आपला वाटा पिऊन घेतला. तो ती आता थेंब थेंब सोडते आहे. आपल्या प्रयोगातली कुंडी आठवा.

म्हणजे आषाढातला दूधसागर पावसाचा, आणि चैत्रातला दूधसागर मातीचा. माणसाची, गुरांची, पाखरांची तहान भागवायला चैत्रातली धार लागते. आषाढात तहान कोणाला असते?

आपल्या सड्याखालची झर तेच काम करते. तिचा कोणी फोटो काढत नाही. तिच्याकडे जायला पायऱ्या नाहीत, भज्यांचं दुकान नाही. पण आपल्या आज्या तिथूनच कळशी आणत होत्या, कुळागराला पाट तिथूनच जायचा, वायंगणाची शेती अशाच पाण्यावर उभी राहायची. नळ आला आणि आपण झरीची वाट विसरलो. आता तिथे झुडपं माजलीत, तोंडाशी प्लास्टिक अडकलंय. वरच्या उताराची झाडं तोडली, पाला जाळला, की सडा कुंडीसारखा राहत नाही, पाट्यासारखा होतो. मग पावसात अंगणात पूर आणि शिमगा होऊन गेला की विहिरीत खडखडाट, दोन्ही एकाच घरात.

*७. आपण पाटा की कुंडी?*

आता स्वतःकडे वळूया, कारण पाठ त्यासाठीच असतो.

गुरुपौर्णिमेला आपल्याकडे बसायला जागा नव्हती. डोळ्यांत पाणी, तोंडात नाम, गटावर शंभर शंभर संदेश. तो आपला आषाढ. त्यात काही खोटं नव्हतं. पण दिवाळीनंतर संध्याकाळच्या उपासनेला किती जण उरतात, ते आपल्याला माहीत आहे. भजनात मोठ्याने गाणारे आम्हीच, आणि घरी सासूबाईंनी औषधाची आठवण तिसऱ्यांदा करून दिली की चिडणारेही आम्हीच. वरून कितीही कृपा पडली, तरी आत काही न राहता निघून गेली, तर तो पालथा घडाच.

कातळाला दोष देऊ नये. कातळ आहे म्हणून डोंगर उभा आहे. त्याचं काम धरून राहण्याचं नाही, उभं राहण्याचं आहे. माणसाचं काम मात्र धरून ठेवण्याचं आहे. त्यासाठी माती व्हावं लागतं, आणि माती होणं म्हणजे मऊ होणं, झिजणं, पाल्याखाली झाकून राहणं. त्याचे फोटो निघत नाहीत.

आमच्या ओहोळावरच्या गोष्टीत ती वयनी माती होती. आम्ही बाकीचे तेरा पाटा होतो. माईचा शब्द आमच्यावरून वाहून गेला. आणि खरं सांगायचं तर गेल्या आठवड्यात गटावर तेच झालं. चाळीस अंगठ्यांच्या धबधब्यात आजोबांचा "जपून" वाहून गेला. त्यांनी तरुणपणी शापोरेचे पूर पाहिलेत. कोणी एकाने तरी विचारायला हवं होतं, "आजोबा, का हो?" विचारलं असतं तर हा पाठ त्यांनीच दिला असता, आणि आमच्यापेक्षा चांगला दिला असता.

*८. मग रविवारचं काय?*

आम्ही ठरवलेलं असं. कोणाला पटलं नाही तर मोकळेपणाने सांगावं.

या रविवारी धबधब्यावर जायचं नाही. सत्संग झाल्यावर सगळी कुटुंबं मिळून सड्याखालच्या झरीकडे जायचं. कोयता, दाताळ, कचऱ्यासाठी गोणी घ्यायची. वाट साफ करायची, प्लास्टिक उचलायचं. झरीचं तोंड खणायचं नाही, खणल्याने पाण्याची वाट बदलते. वरच्या उतारावरचा पाला झाडायचा नाही, तो झरीची गोधडी आहे. आजोबांना आधी घेऊन जायचं आणि पाणी पूर्वी कुठपर्यंत यायचं ते त्यांच्याकडून ऐकायचं. येताना गरम चहा, फोव, आणि ज्यांच्या घरी भजी होतील त्यांनी आणावीत. मुलांना चिखलात खेळू द्यायचं, त्यासाठी धबधबाच लागतो असं नाही.

दूधसागरही बघायचाच. त्यासाठी दोन मार्ग. एक, पावसाळ्यातच मडगावहून हुबळीच्या गाडीत तिकीट काढून बसायचं आणि खिडकीतून दर्शन घ्यायचं. दारात लोंबकळायचं नाही, पुलाजवळ उतरायचं नाही. दुसरा, पाऊस थांबल्यावर, साधारण ऑक्टोबरात, कुळेहून वनखात्याच्या परवानगीने जीपगाड्या सुरू होतात तेव्हा जायचं. तेव्हाही धबधबा भरपूर असतो आणि पाणी आपली जागा धरून असतं.

ज्यांच्या मुलांचे मित्र पावसात दुसरीकडे निघालेच असतील, त्यांनी घरात एवढं तरी सांगावं : निघण्याआधी हवामान खात्याचा इशारा बघायचा, बंदी आहे का ते विचारायचं, गावातल्या माणसाचा शब्द शेवटचा मानायचा, आणि घळीत, कोंडीत उतरायचं नाही. पोटात दारू असेल तर पाण्याच्या जवळपासही नाही.

*९. मुलांसाठी प्रश्न*

1. पाटा, चिरा आणि कुंडी यांत पाणी सगळ्यात उशिरापर्यंत कोणी दिलं? का?
2. आपल्यावर ऊन असताना ओहोळाला पूर कसा येतो?
3. अर्ध्या चौरस किलोमीटरवर 20 मिलीमीटर पाऊस पडला तर किती लिटर पाणी? (एक कोटी आलं तर शाबास.)
4. उन्हाळ्यातल्या दूधसागरची धार कोणाची?
5. आपल्या घरचं पाणी कुठून येतं? नळापासून डोंगरापर्यंतची वाट कागदावर काढा. जिथे अडेल तिथे आजी-आजोबांना विचारा.

*१०. या आठवड्याची साधना*

रोज रात्री जेवताना घरातल्या प्रत्येकाने एक गोष्ट सांगायची : आज मला कोणी काय सांगितलं आणि मी ते धरलं का. एकच वाक्य पुरे. लहानांनी मोठ्यांना हसू नये, मोठ्यांनी लहानांना ओरडू नये. सात दिवसांत सात थेंब. आमच्या घरात आम्ही सुरू केलंय. पहिल्या दिवशी सगळे गप्प होते. आठवायलाच काही नव्हतं. तिसऱ्या दिवशी धाकट्याने सांगितलं, "आजीने सांगितलं छत्री ने. मी नेली." आजीने त्याच्या पानात एक भजं जास्त वाढलं.

ज्यांच्याकडे मोबाईल नाही अशा घरातल्या मोठ्यांना हा पाठ वाचून दाखवावा आणि त्यांच्या पावसाच्या आठवणी लिहून आमच्याकडे पाठवाव्यात. "जपून" म्हणणाऱ्या आजोबांना आम्ही या पाठासाठी नमस्कार करतो. रविवारी पुढे तेच चालतील, आम्ही मागे.

जय गुरुदेव.